तर्रीविना न्याहारी: दुधाच्या रश्शाची बाजू

ठाण्यात सकाळच्या रश्शाचा विषय निघाला की बोलणं मिसळीवरच येऊन थांबतं, आणि मिसळीचं नाव निघालं की तहसील कचेरीशेजारच्या मामलेदार मिसळीचं. वाटीत वर तरंगणारा लाल तवंग, खाली पातळ झणझणीत कट आणि तो टिपून घ्यायला पाव. कल्याण-डोंबिवलीतही सकाळी स्टेशनाबाहेर हाच कारभार चालतो. नाश्त्याला काहीतरी ओलं हवं हे इथल्या माणसाला पटवून द्यावं लागत नाही. पाव कोरडा असतो, रात्रीची पोळी चिवट झालेली असते, भाकरी तर थंड झाल्यावर घशाखाली उतरत नाही. प्रश्न एवढाच आहे, की हा ओलावा दर वेळी तेलातूनच यायला हवा का? माझ्या मते नको. रश्शाला दाटपणा पीठ देतं. वास पानं आणि फोडणी देतात. तेलाकडे उरतं ते हा वास सगळीकडे पोचवण्याचं काम, आणि त्याला चहाचा एक चमचा तेल पुरतं. एवढं मान्य केलं, तर दुधात शिजवलेला, हिरव्या पानांच्या वासाचा, बेताचा खारट रस्सा रोजच्या नाश्त्याला सहज बसतो. इथे कोल्हापूरचा पांढरा रस्सा कुणाच्या मनात आला असेल तर तो बाजूला ठेवावा. मटणाचं पाणी, नारळाचं दूध, खसखस आणि काजू यांवर उभा असलेला तो पदार्थ उत्तम आहे, पण हलका नाही.

दुधात पीठ शिजवून त्याचा खारा रस्सा करायचा आणि तो सकाळी पावासारख्या पदार्थावर ओतायचा, ही रीत अमेरिकेच्या दक्षिणेकडच्या राज्यांत घरोघर आहे. तिथे डुकराच्या मांसाचे सॉसेज तळल्यावर तव्यात जी चरबी उरते तिच्यात मैदा परततात, वर दूध ओततात, मिरी टाकतात आणि सोड्यावर फुगवलेल्या मऊ, खारट पावांवर तो दाट रस्सा घालतात. कष्टकरी माणसाला स्वस्तात पोटभर मिळावं आणि तव्यातली चरबी वाया जाऊ नये, हा त्यामागचा हिशोब. हिशोब रास्त होता, फक्त तो दिवसभर अंगमेहनत करणाऱ्याचा होता. ठाण्याहून फोर्टला जाऊन आठ तास खुर्चीत बसणाऱ्याला ती चरबी परवडणारी नाही. पण हा प्रकार परका म्हणून मोडीत काढायचंही कारण नाही, कारण त्याचे सगळे भाग आपल्याकडे सुटे सुटे आहेतच. कोकणात गौरीच्या दिवसांत घावन-घाटलं होतं. त्यातलं घाटलं म्हणजे नारळाचं दूध आणि गूळ तांदळाच्या पिठाने दाट करून केलेला रस्साच, फक्त गोड. तांदळाच्या पिठाची ताकातली उकड तर अस्सल न्याहारी: आंबट ताक, पीठ, हिरवी मिरची, आलं-लसूण, कढीपत्ता, वर कोथिंबीर आणि कच्चं तेल. कढीत ताक आणि बेसन. म्हणजे दुधाची जात, पीठ आणि हिरवा मसाला हे त्रिकूट मराठी स्वयंपाकघराला चांगलं ठाऊक आहे. राहून गेलाय तो गोड्या दुधाचा खारा रस्सा. तो का राहिला याला एक जुनं आणि वजनदार कारण आहे, त्याच्याकडे पुढे येतोच.

आधी दाटपणाचं पाहू, कारण सगळा युक्तिवाद त्यावर उभा आहे. पिठातल्या स्टार्चचे कण थंड दुधात नुसते तरंगतात. दूध तापत गेलं की धान्याप्रमाणे साधारण 60 ते 80 अंश सेल्सिअसच्या दरम्यान हे कण पाणी शोषून फुगू लागतात, आणि उकळीच्या जवळ ते इतके फुगतात की मधलं मोकळं पाणी जागेवर अडकून बसतं. यालाच आपण रस्सा आळला म्हणतो. या घडामोडीत तुपातेलाचा काही वाटा नाही. मग व्हाइट सॉस करताना लोण्यात मैदा का परततात? गुठळ्या होऊ नयेत म्हणून. कोरडं पीठ थेट गरम दुधात टाकलं तर प्रत्येक ढेकळाचं बाहेरचं आवरण क्षणात शिजून चिकट होतं आणि आतलं पीठ कोरडंच अडकून पडतं. लोणी पिठाच्या कणाकणाला लागलं की कण सुटे राहतात. पण कण सुटे ठेवायला लोण्याची गरजच नाही. थंड दूधही तेच काम करतं. पाऊण वाटी फ्रिजमधल्या दुधात तांदळाचं पीठ बोटाने मोडून कालवावं, तळाशी साका बसू न देता उरलेल्या गरम दुधात धारेने सोडावं आणि पळी गोल न फिरवता तळ खरवडत पुढेमागे फिरवावी. पहिली मिनिट-दोन मिनिटं काहीच होत नाही, दूध पातळच दिसतं, आणि नेमका याच वेळी अधीर माणूस आणखी एक चमचा पीठ टाकतो. मग कडेने लहान बुडबुडे येतात, पळीमागे उमटलेली रेघ क्षणभर टिकते, आणि तीन मिनिटांनी तो वाढीव चमचा लापशी करून दाखवतो. रेघ टिकू लागल्यावर मंद आचेवर आणखी दोन-तीन मिनिटं शिजवलं की पिठाचा कच्चा वास जातो. अडीचशे मिलिलिटर दुधाला दोन मोठे सपाट चमचे, म्हणजे साधारण 16 ग्रॅम पीठ पुरतं. पीठ आधी खमंग भाजून घ्यायचं असेल तर जरूर घ्यावं, चव येते. मात्र भाजण्याने स्टार्चची दाट करण्याची ताकद कमी होते, तेव्हा थोडं जास्त लागेल.

याचा उष्मांकांत अर्थ काय, तो ढोबळ हिशोबाने सांगता येतो. पुस्तकी पद्धतीने दोन मोठे चमचे लोणी, तेवढाच मैदा आणि अडीचशे मिलिलिटर फुल क्रीम दूध घेतलं तर लोण्याचे सुमारे 200, मैद्याचे 55 ते 60 आणि दुधाचे 215च्या आसपास, मिळून पावणेपाचशेच्या घरात किलोकॅलरी होतात. त्याऐवजी चहाचा एक चमचा तेल, तेवढंच तांदळाचं पीठ आणि डबल टोन्ड दूध घेतलं तर बेरीज सव्वादोनशेच्या पुढे फारशी जात नाही. अर्ध्याहून कमी. दोघांत वाटला तर माणशी शंभराच्या थोडा वर. दुधातलं सुमारे आठ ग्रॅम प्रथिन दोन्हीकडे जवळपास सारखंच राहतं, आणि मला हा मुद्दा उष्मांकांपेक्षा महत्त्वाचा वाटतो. पोहे, उपमा, साबुदाण्याची खिचडी या आपल्या नेहमीच्या न्याहाऱ्यांत प्रथिनांची बाजू लंगडी असते.

स्निग्धांश काढला की दूध पातळ पाण्यासारखं होतं आणि त्याचा रस्सा बेचव लागतो, असा आक्षेप इथे येणार. त्याचं अर्धं उत्तर दुधाच्या पिशवीवरच छापलेलं असतं. भारतातल्या मानकांनुसार फुल क्रीम दुधात किमान 6 टक्के स्निग्धांश आणि 9 टक्के इतर घन पदार्थ, टोन्ड दुधात 3 आणि 8.5, तर डबल टोन्ड दुधात 1.5 आणि पुन्हा 9 टक्के असावे लागतात. म्हणजे डबल टोन्डमध्ये साय कमी असली तरी प्रथिनं, साखर आणि क्षार फुल क्रीमच्या बरोबरीने आहेत. टोन्ड दूध ही मुळात आपल्याच परिसरातली कल्पना. म्हशीच्या दुधात साय भरपूर, पण मुंबईसारख्या वाढत्या शहराला दूध अपुरं. तेव्हा त्यात पाणी आणि सायविरहित दुधाची भुकटी मिसळून सायीचं प्रमाण उतरवायचं, बाकीचा कस राखायचा आणि दूध स्वस्तात जास्त लोकांपर्यंत पोचवायचं, ही युक्ती 1940च्या दशकात मुंबईच्या दूध योजनेत दारा खुरोडी यांनी राबवली. आरे कॉलनीच्या उभारणीशीही त्यांचंच नाव जोडलेलं आहे. 1963 साली मॅगसेसे पुरस्कार वर्गीस कुरियन आणि त्रिभुवनदास पटेल यांच्याबरोबर खुरोडी यांनाही मिळाला होता, हे आज फारसं कुणाला आठवत नाही. अमूलच्या कथेपुढे आरेची कथा मागे पडली. असो. उत्तराचा दुसरा अर्धा भाग असा, की तोंडाला जाणवणारा गुळगुळीतपणा काही एकट्या सायीचा नसतो. फुगलेलं स्टार्च आणि दुधातलं केसीन मिळून तो बराचसा भरून काढतात. सगळा नाही, हे कबूल करायला हवं. सायीच्या दुधाची जी एक गोलाई जिभेवर येते ती डबल टोन्डमध्ये येत नाही. ज्याला ती हवीच असेल त्याने टोन्ड घ्यावं. कल्याणला दूधनाक्यावरून किंवा कुठल्या तबेल्यातून म्हशीचं सुटं दूध घेणाऱ्यांनी ते तापवून, गार करून वरची साय काढली की काम भागतं.

आता पानं. हलक्या रश्शाची चव इथेच ठरते, कारण तेलमसाल्याने झाकून टाकण्याची सोय नसते. पाश्चात्त्य रीतीत दुधाच्या रश्शाला थाइम आणि सेज ही पानं वापरतात. थाइमच्या वासाचा गाभा म्हणजे थायमॉल, आणि तेच द्रव्य आपल्या ओव्यात ठासून भरलेलं आहे. तेव्हा मॉलमधून सुक्या पानांची बाटली आणण्यापेक्षा फोडणीत चिमूटभर ओवा चुरडावा, किंवा डोंबिवलीच्या निम्म्या गॅलऱ्यांत कुंडीत वाढणाऱ्या पानओव्याचं एक जाड पान बारीक चिरून घालावं. एकच, दोन घातली तर रश्शाला औषधाचा वास येतो. कढीपत्त्याचा वास तेलात उतरतो, म्हणून तो चमचाभर तेलाच्या फोडणीत जिऱ्याबरोबर तडतडला पाहिजे. दुधात नुसता उकळला तर पानं चोथ्यासारखी तरंगतात आणि हाती काही लागत नाही. कोथिंबिरीचं उलटं: तिचा वास उष्णतेने उडून जातो, म्हणून पानं गॅस बंद केल्यावर आणि चिरलेले देठ मात्र फोडणीत. जांभळी नाक्यावर जुडी घेताना देठ मोडून टाकून देणारे चवीचा मोठा भाग तिथेच सोडून येतात. थंडीत लसणीची पात मिळते, ती या रश्शाला सगळ्यांत शोभते.

आंबटपणाचं काय, हा खरा पेच. लिंबू पिळलं की दूध फाटणार. ताज्या दुधाचा सामू 6.6च्या आसपास असतो. तो 4.6पर्यंत उतरला की केसीन गोळा होतं, आणि दूध तापलेलं असेल तर त्याआधीच फाटतं. इथे गवती चहा कामी येतो. त्याच्या पातीत लिंबासारखा वास देणारं सिट्रल असतं, पण आम्ल जवळजवळ नसतंच. दोन पाती गाठ मारून दुधात टाकाव्या, दूध तापलं की काढून घ्याव्या. लिंबाचा भास होतो आणि दूध शाबूत राहतं. आल्याचं प्रकरण वेगळं. कोमट दुधात कच्चं आलं किसून टाकलं की दूध नासतं, आणि दोष दूधवाल्याला मिळतो. खरं तर आल्यात प्रथिनं तोडणारं एक विकर असतं, ते केसीनची मोडतोड करतं. दक्षिण चीनमध्ये याच गुणाचा फायदा घेऊन आल्याच्या रसाने दुधाचं गोड दही लावतात. उकळीच्या उष्णतेने हे विकर निकामी होतं. म्हणूनच आलं आधी पाण्यात उकळून मग दूध घातलेला चहा सहसा फाटत नाही. रश्शातही आलं फोडणीत चांगलं परतूनच जायला हवं. मीठ शेवटी घालावं. ताजं दूध मिठाने फाटत नाही, पण कालचं, किंचित आंबूस झालेलं दूध मिठाच्या आणि उष्णतेच्या माऱ्याने हात दाखवतं. रश्शातलं पीठ थोडं संरक्षण देतं. कढीत बेसन घालण्यामागे हेच आहे, ते नसेल तर उकळताच चोथा आणि पाणी वेगळं होतं.

आणि आता ते जुनं कारण. दूध आणि मीठ एकत्र नको, हे आजीपासून वैद्यांपर्यंत सगळे सांगतात. चरकसंहितेच्या सूत्रस्थानातल्या सव्विसाव्या अध्यायात विरुद्ध आहाराची यादी आहे. तिच्यात दूध आणि मासे, दूध आणि आंबट पदार्थ यांचा मेळ निषिद्ध आहेच. शिवाय मुळा, लसूण, शेवगा, तुळस आणि तिच्या जातीच्या सुगंधी वनस्पती खाल्ल्यावर दूध पिऊ नये, त्वचारोगाचं भय असतं, असंही म्हटलं आहे. म्हणजे सुवासिक पानं घातलेला दुधाचा रस्सा नेमका या निषेधाच्या टप्प्यात येतो, आणि ज्या समाजात हा ग्रंथ शतकानुशतके प्रमाण मानला गेला तिथे तो पदार्थ रुजला नाही यात नवल नाही. हा आक्षेप हसण्यावारी नेण्यासारखा नाही, पण तपासून पाहण्यासारखा नक्कीच आहे. दुधात सोडियम आणि इतर क्षार मुळातच असतात. जगभरातलं चीज म्हणजे मीठ लावून टिकवलेलं दूध, आणि ते पिढ्यान्‌पिढ्या रोज खाणाऱ्या समाजांत त्याने त्वचेचे रोग होतात असं दिसून आलेलं नाही. लसूण घातलेलं पनीर आपणही बिनदिक्कत खातो. पिशवीतलं पाश्चराइझ केलेलं, फ्रिजमध्ये राहिलेलं दूध आणि त्या काळचं धारोष्ण किंवा दिवसभर उघडं राहिलेलं दूध यांतही फरक आहे. आंबट, खारट पदार्थाच्या संगतीने नासणारं दूध टाळावं, हा अनुभव त्या नियमामागे असू शकेल, हा माझा तर्क. तरीही ज्याची श्रद्धा त्या नियमावर आहे त्याच्याशी वाद घालण्याची गरज नाही, कारण त्याच्यासाठी वाट आधीच तयार आहे: ताक. आयुर्वेदानेच ताकाची तोंड भरून स्तुती केली आहे. दुधाच्या जागी पातळ, गोडसर ताक घ्यावं, पीठ त्यातच आधी कालवून मग गॅसवर ठेवावं, मंद आचेवर सतत ढवळत एकच उकळी काढावी. मोठ्या वयात दूध न पचणाऱ्यांची संख्या आपल्याकडे थोडी नाही, त्यांनाही ताकच बरं. विरजताना त्यातली दुधाची साखर काही प्रमाणात घटलेली असते. ताकाच्या रश्शात कोथिंबीर जरा मळकट हिरवी होते, आंबटपणात हरितद्रव्य टिकत नाही म्हणून. दुधात ती जास्त वेळ टवटवीत राहते. रंगासाठी एवढी तडजोड चालावी.

सगळ्यांत जोरकस तक्रार मात्र जिभेची असणार: याला तिखटपणा नाही. खरंच नाही, आणि मिरच्या वाढवून तो फारसा येतही नाही. मिरचीतलं तिखट द्रव्य, कॅप्साइसिन, तेलात विरघळतं, पाण्यात नाही. मिसळीची तर्री म्हणून तर एवढी पेटते: तिखट जाळ सगळा त्या वरच्या तेलात गोळा झालेला असतो आणि पहिल्या घासालाच जिभेवर पसरतो. दुधातलं केसीन उलट त्या द्रव्याला धरून जिभेपासून दूर ओढतं. मिसळीबरोबर ताकाचा पेला किंवा मिसळीतच दही, ही जोडी त्यासाठीच जमलेली आहे. तेव्हा दुधाच्या रश्शाकडून झणका मागणं म्हणजे वाघाकडून दूध मागण्यासारखं झालं. त्याच्याकडून वास मागावा, मिरीची ऊब मागावी, फोडणीतल्या जिऱ्याचा आणि तळलेल्या लसणीचा खमंगपणा मागावा. मिसळीचा मान रविवारचा आहे आणि तो काढून घ्यावा असं मी म्हणत नाही. सोमवार ते शुक्रवार, सात-दहाची फास्ट पकडायच्या गडबडीत जे पोटात जातं त्याबद्दल हे चाललं आहे, आणि तिथे आज मिसळ नसतेच. असतो चहात बुडवलेला खारी-बटर, नाहीतर कागदात गुंडाळलेला वडापाव.

कशावर ओतायचा, हे सांगायला हवं. रात्रीच्या पोळ्यांचे हातानेच तुकडे करून वाडग्यात घ्यावे आणि वरून कढत रस्सा घालावा. दोन मिनिटांत पोळी मऊ होते, पण लगदा होत नाही. ज्वारीची शिळी भाकरी याहून चांगली, कारण तिचा खरबरीत पोत टिकून राहतो. लादी पाव तव्यावर कोरडाच शेकून घ्यावा. उकडलेली अंडी, वाफवलेले मटार, मुरबाड-शहापूरकडची ताजी भाजी आली असेल तर चिरलेला पालक, हे सगळं रश्शात चालतं. पालक घालायचा तर शेवटी, नाहीतर रस्सा हिरवट पाणचट होतो.

एक गोष्ट मात्र या रश्शाला जमणार नाही, ती म्हणजे डब्यात जाणं. थंड होताना शिजलेलं स्टार्च पुन्हा आकसतं, रस्सा थिजून खळीसारखा होतो आणि कडेने पाणी सोडतो. हे गरम दूध घालून निस्तरता येतं. निस्तरता येत नाही ते दुसरं. दूध आणि शिजलेलं तांदळाचं पीठ कोमट अवस्थेत तासन्‌तास राहिलं की जिवाणूंची चैन होते. त्यांतल्या काहींचे बीजाणू तर उकळीलाही पुरून उरतात. सकाळी सातला डोंबिवलीत भरलेला डबा दुपारी एकला चर्चगेटला उघडणार असेल, आणि मधले सहा तास मे महिन्याचे असतील, तर त्यात हा रस्सा नको. डब्याला थालीपीठ द्यावं. रस्सा उरलाच तर गार होताच फ्रिजमध्ये ठेवावा, संध्याकाळी अर्धी वाटी दूध घालून खळखळून उकळावा, आणि त्यात उकडलेल्या बटाट्याच्या फोडी टाकून त्याच जेवणात संपवावा.